समुद्र नसलेल्या बडोद्यात सर्फबोर्ड घडवायचा असेल तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुम्ही मकरपुऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत तीन वर्षे एफआरपीचे, म्हणजे काचतंतू आणि रेझिनचे, काम केले आहे, टाक्या आणि पत्रे काढले आहेत. गेल्या वर्षी तमिळनाडूतील कोवलमला आठ दिवस राहून सर्फिंग शिकलात. आणि आता सर्फबोर्ड घडवणारा कारागीर, म्हणजे शेपर, व्हावे असे मनाने घेतले आहे. घरचे विचारतात की बडोद्यात समुद्र कोठे आहे. तुम्ही विचारता की येथे राहून हे जमेल का, सुरुवात कशी करावी, आणि यावर पोट भरेल का.

जमते. मी बडोद्याच्याच दांडिया बाजारात वाढलेला माणूस आहे आणि गेली १९ वर्षे हेच करतो आहे. मात्र एक अट आहे, आणि ती हत्यारांची किंवा भांडवलाची नाही. या कामात फोम घासणे फारसे अवघड नाही. घासणे कोठे थांबवायचे हे ठरवणे अवघड आहे. हात दोन वर्षांत तयार होतो. थांबायचे कोठे हे ज्याच्या पायाखाली तो बोर्ड लाटेवर घसरला, अडकला किंवा मोकळा सुटला, त्याला कळलेले असते. किनाऱ्यावरचा शेपर दुपारी बोर्ड पुरा करतो आणि दुसऱ्या दिवशी पहाटे स्वतःच पाण्यात उतरून आपली चूक पाहतो. आपल्याला ती सोय नाही. खंभातचे आखात जवळ आहे, पण तेथे भरती-ओहोटीतला फरक १० मीटरच्या वर जातो, पाणी गाळाने गढूळ असते, आणि सर्फिंगजोगी लाट उठत नाही. गावातल्या विश्वामित्री नदीबद्दल तर बोलायलाच नको, तेथे मगरी आहेत. म्हणून लाटेवर काय घडले याचा निरोप आपल्या खोलीपर्यंत नियमाने आणि कोणी गोड न करता पोचेल, अशी व्यवस्था आपल्याला आधी करावी लागते. तिच्याविषयी पुढे सविस्तर लिहितो, कारण बाकी सारे तिच्यावर टेकलेले आहे.

प्रथम कामाची विभागणी समजून घ्या. फोमच्या ठोकळ्याला, ज्याला सगळे ब्लँक म्हणतात, आकार देतो तो शेपर. त्या आकारावर काचकापड आणि रेझिन चढवतो तो ग्लासर. वाळल्यावर घासून सपाट करणारा सँडर. मोठ्या कार्यशाळांत ही तीन वेगळी माणसे असतात आणि एकमेकांच्या कामात सहसा हात घालत नाहीत; आपल्याकडे तिन्ही कामे एकालाच करावी लागतात. तुम्ही आज अर्धे ग्लासर आहात आणि ही जमेची बाजू आहे, पण एफआरपीच्या कारखान्यात लागलेल्या दोन सवयी तुम्हाला सोडाव्या लागतील. पहिली सवय मोल्डवर विसंबण्याची. टाकीचा आकार मोल्ड देतो, माणूस फक्त भरतो. येथे मोल्ड नाही, तुम्ही घासलेला फोम हाच आकार आणि तो कायमचा आत राहणार, म्हणून त्यातला प्रत्येक खड्डा काचेखालून दिसत राहणार. दुसरी सवय जाड म्हणजे मजबूत असे मानण्याची. तुमच्या हाताला ४५० ग्रॅमच्या मॅटची, म्हणजे न विणलेल्या काचतंतूंच्या जाड थराची, सवय आहे. सर्फबोर्डवर मॅट चढवतच नाहीत. विणलेले कापड लागते, चार औंसाचे म्हणजे चौरस मीटरला सुमारे १३५ ग्रॅम, किंवा सहा औंसाचे म्हणजे सुमारे २०० ग्रॅम. वरच्या बाजूला, जेथे पाय पडतात, चार औंसाचे दोन थर, आणि तळाला एक. रेझिनचे वजन कापडाच्या वजनाएवढे ठेवायचे आणि उरलेले स्क्वीजीने, म्हणजे रबरी पट्टीने, ओढून काढायचे. तयार झालेला सहा फुटी बोर्ड अडीच ते तीन किलोंचा असावा लागतो. माझ्या पहिल्या बोर्डाचे वजन सव्वापाच किलो भरले होते. ज्याला दिला त्याने तो निमूटपणे घराच्या पायरीला टेकवून ठेवला आणि पुन्हा त्याचा विषय काढला नाही.

हे हलकेपण आले कोठून, हे ठाऊक असलेले बरे, कारण या कामातला प्रत्येक बदल कोणाच्या तरी अडचणीतून आला आहे. हवाईमध्ये बोर्ड अखंड लाकडाचे असत. कोआच्या जड लाकडाचे, आणि सरदारांचे लांबलचक ओलो बोर्ड विलीविलीच्या हलक्या लाकडाचे. विलीविली आणि आपला पांगारा एकाच वंशाची झाडे आहेत, हे कळल्यापासून मी रस्त्याकडेच्या पांगाऱ्याकडे वेगळ्या नजरेने पाहतो. पुढे १९३०च्या सुमारास टॉम ब्लेक याने पोकळ बोर्ड केले आणि १९३५ मध्ये तळाला पहिला फिन, म्हणजे बोर्डाला पाण्यात धरून ठेवणारे उभे पाते, बसवला. मग कॅलिफोर्नियात बॉब सिमन्स आला. सायकलच्या अपघाताने त्याचा एक हात अधू झालेला होता, आणि किनाऱ्यावरून शंभर पौंडांची फळी वाहून नेणे ही त्याची रोजची शिक्षा होती. त्याने वेगवान बोटींच्या तळाचे गणित वाचले, हलका गाभा आणि त्यावर काचकापड ही कल्पना १९४०च्या दशकाच्या अखेरीस प्रत्यक्षात आणली, आणि १९५४ मध्ये सर्फिंग करतानाच गेला. पॉलियुरेथेनचा फोम १९५८ च्या सुमारास होबी आल्टर आणि गॉर्डन क्लार्क यांनी रूढ केला, आणि क्लार्कचा कारखाना पुढे इतका मोठा झाला की अमेरिकेतले बहुतेक ब्लँक त्याच्याकडूनच जात. ५ डिसेंबर २००५ रोजी त्याने कोणतीही पूर्वसूचना न देता तो बंद केला. त्या दिवशी अनेक शेपरांकडे उद्याच्या कामाला ठोकळा नव्हता. एकाच पुरवठादारावर विसंबू नका, हे मी तुम्हाला वेगळे सांगत नाही.

या बदलांपैकी तुमच्या दृष्टीने सर्वांत मोलाचा बदल ऑस्ट्रेलियाच्या सायमन अँडरसनचा. त्या काळी दोन फिनांचे बोर्ड जोरात होते. मार्क रिचर्ड्सने त्यांवर १९७९ पासून सलग चार जागतिक विजेतेपदे घेतली. अँडरसन अंगापिंडाने मोठा, त्याच्या पायाखाली दोन फिनांचा बोर्ड वळताना निसटे. तो स्वतः शेपर होता आणि स्वतः स्पर्धकही, म्हणून नेमके काय निसटते हे त्याला कोणी सांगावे लागले नाही. त्याने तीन सारख्या फिनांचा बोर्ड केला, १९८१ मध्ये त्यावर ऑस्ट्रेलियातल्या बेल्स किनाऱ्यावरची स्पर्धा जिंकली, आणि त्याचे पेटंट घेतले नाही. आज तुम्ही कोवलमला पाहिलेले बहुतेक छोटे बोर्ड त्याच मांडणीचे आहेत. तक्रार आणि रंधा एकाच माणसाच्या हातात असले की काय होते, ते यात दिसते. आपल्याला ही दोन माणसे वेगळी ठेवून तेवढेच नीट काम करायचे आहे.

आता ठोकळा. पॉलियुरेथेनचे तयार ब्लँक परदेशातून येतात. आकाराने मोठे आणि वजनाने नगण्य असल्यामुळे त्यांच्या किमतीपेक्षा वाहतूक जड पडते. म्हणून बडोद्यात सुरुवात ईपीएसने करावी, म्हणजेच आपल्या थर्माकोलने. माझी स्वतःची सुरुवात गणपतीच्या मखरांपासून झाली. मंडळाचे खांब आणि कमानी तापलेल्या तारेने कापता कापता तारेचा वेग आणि उष्णता यांचा अंदाज हाताला आला, आणि तोच अंदाज पुढे बोर्डाला कामी आला. परंतु मखराचा थर्माकोल बोर्डाला चालत नाही, तो फार पोकळ असतो. घनमीटरला २४ ते ३२ किलो घनतेचा ठोकळा मागा, दाणे एकमेकांत नीट वितळून बसलेले आहेत का ते कोपरा मोडून पाहा. मोड दाण्यांच्या मधून गेला तर ठोकळा परत करा, दाणेच फाटले तर घ्या. ब्राझीलचा इतालो फेरेरा लहानपणी वडिलांच्या मासळीच्या थर्माकोलच्या पेटीच्या झाकणावर सर्फिंग शिकला आणि टोकियोच्या ऑलिंपिकमध्ये, जे २०२१ मध्ये झाले, या खेळातले पुरुषांचे पहिले सुवर्णपदक त्याने घेतले, हे घरच्यांना सांगायला हरकत नाही. पण त्याने ते पदक झाकणावर घेतले नाही, हेही सांगा.

ठोकळ्याच्या दोन्ही बाजूंना प्लायवुडचे फर्मे लावून, नायक्रोमच्या तापलेल्या तारेने दोघांनी दोन टोके धरून, बोलत बोलत, एकाच चालीने तार ओढायची. माझ्यासोबत माझा पुतण्या असतो आणि आम्ही मोठ्याने आकडे म्हणतो. कोणी मध्येच थांबला तर तेथे तार खोल जाते आणि घळ पडते. मग ठोकळा मधोमध उभा चिरून त्यात तीन मिलिमीटर प्लायची पट्टी चिकटवायची; हा स्ट्रिंगर. तो बोर्डाला कणा देतो, आणि शेपरला देतो त्याची एकमेव खरी रेघ, जिच्यापासून दोन्ही बाजू मोजायच्या.

येथे एक धोक्याची सूचना, आणि ती माझ्या फजितीतून आलेली आहे. तुम्ही आजवर पॉलिएस्टर रेझिन वापरले आहे. पॉलिएस्टरमधले स्टायरीन थर्माकोलला विरघळवते. मला हे पुस्तकी ठाऊक होते. तरीही एका संध्याकाळी, इपॉक्सी, म्हणजे थर्माकोलला न विरघळवणारे दुसरे रेझिन, संपली म्हणून आणि वर रंगाचा जाड थर आहे तो आड येईल अशा समजुतीने, मी पॉलिएस्टर ओतले. वीस मिनिटांत चार दिवसांचे काम कापडाखाली आत बसले, वरून गुळगुळीत आणि आतून खड्डा. थर्माकोलवर इपॉक्सीच लावायची. पॉलियुरेथेनच्या फोमवर दोन्ही चालतात. दुरुस्तीला आलेला बोर्ड कशाचा आहे हे कळत नसेल, तर इपॉक्सीच वापरा.

आकार देण्याची खोली हे तुमचे सर्वांत महत्त्वाचे हत्यार आहे. भिंती गडद निळ्या रंगवा, छतावरचे दिवे बंद ठेवा, आणि दोन्ही लांब भिंतींवर, बोर्डाच्या उंचीपेक्षा थोड्या वर, दिव्यांच्या आडव्या नळ्या बसवा. प्रकाश बाजूने आणि सपाट आला की अर्ध्या मिलिमीटरचा उंचवटाही सावली टाकतो; वरून आला की सारे गुळगुळीत दिसते आणि तुम्ही फसता. माझ्या खोलीचा निळा रंग पाहून शेजारच्या काकूंना वाटले होते की येथे फोटो स्टुडिओ होणार, आणि त्या नातवाला नेसवून-सजवून घेऊन आल्या होत्या.

हत्यारे थोडीच लागतात. कापाची खोली कमी-जास्त करता येणारा विजेचा रंधा. अमेरिकेतले जुने शेपर अजून स्किल १०० या बंद झालेल्या रंध्याचे गोडवे गातात, पण सुताराचा साधा ८२ मिलिमीटरचा रंधा, पुढच्या पट्टीचे बटण सैल करून घेतला, तर पुरतो. सर्फॉर्म, जे किसणीसारखे असते. स्ट्रिंगरची पट्टी खाली घ्यायला बोटभर लांबीचा हातरंधा. कठीण आणि मऊ असे दोन घासायचे ठोकळे, जाळीचा घासकागद, मोठे कॅलिपर आणि एक सरळ अॅल्युमिनियमची पट्टी. विजेचा रंधा ईपीएसवर फार जपून चालवा. पाते बोथट असेल तर तो दाणे कापण्याऐवजी उपटतो.

संखेड्याच्या खराद्यांचे काम तुम्ही पाहिले असेल; लाखेच्या रंगातले ते पलंगाचे पाय. खरादावर लाकूड फिरते, म्हणून गोलाई आपोआप सारखी येते. कारागिराला फक्त जाडी सांभाळायची असते. आपला बोर्ड फिरत नाही. डावी बाजू एका दिवशीच्या हाताने होते, उजवी दुसऱ्या दिवशीच्या हाताने, आणि दोन्ही आरशातल्यासारख्या जुळाव्या लागतात. म्हणून एक शिस्त ठेवा: डावीकडे जेवढे रंध्याचे फेर, तेवढेच आणि तशाच क्रमाने उजवीकडे, आणि तेही एकाच बैठकीत. जेवायला उठायचे तर दोन्ही बाजू सारख्या झाल्यावर उठा. बाजूची धार, म्हणजे रेल, एकदम गोल करू नका. प्रथम ठराविक उताराची एक सपाट पट्टी, तिच्यावर दुसरी, मग तिसरी. पट्ट्यांच्या कडा ही तुमची मोजमापे आहेत. त्या दोन्ही बाजूंना जुळल्या की शेवटी जाळीने कडा मोडायच्या. सुरुवातीपासून गोल घासत गेलेल्या रेलला मोजण्याजोगी जागाच उरत नाही, आणि मग डोळा त्याला हवे ते पाहू लागतो.

मापांमध्ये सर्वांत आधी रॉकर, म्हणजे बाजूने पाहिल्यावर दिसणारी बोर्डाची कमान. सपाट बोर्ड वेगाने धावतो आणि छोट्या लाटेवरही लवकर उचलला जातो, पण उभ्या लाटेवरून उतरताना नाक खुपसतो. जास्त कमानीचा बोर्ड सहज वळतो आणि पाणी ढकलत हळू चालतो. सहा फुटी बोर्डाला नाकाशी पाच इंचांच्या आसपास आणि शेपटाशी सव्वादोन-अडीच इंच कमान असते. शेपटाकडचा पाव इंच बोर्डाचा स्वभाव बदलतो, हे लिहून ठेवा. दुसरे, आकारमान. निष्णात सर्फर स्वतःच्या वजनाच्या एक तृतीयांशाहून थोड्या जास्त लिटरांवर खेळतो, म्हणजे ७५ किलोचा माणूस २७-२८ लिटरांवर. नवख्याला त्याच्या वजनाच्या जवळपास जाणारे आकारमान लागते. भारतीय शिकाऊ गिऱ्हाईक जवळपास नेहमी चित्रफितीतल्या विजेत्याचा बोर्ड मागतो. त्याला तो देऊ नका. दोन महिन्यांनी तो सर्फिंग सोडतो आणि तुमचे नाव घेत राहतो. तळाच्या खोलगटपणाबद्दल, कॉन्केव्हबद्दल, लोक तासन्‌तास बोलतात. पहिल्या वीस बोर्डांत तुम्ही त्याच्या भानगडीत पडू नये, शेपटाजवळ तळाला व्ही अक्षरासारखा थोडा उतार द्यावा आणि पुढे जावे.

बडोद्याची हवा हा या कामातला स्वतंत्र विषय आहे. मे महिन्यात पारा ४२ वर असताना पॉलिएस्टर कापडात मुरण्याआधीच घट्ट होऊ लागते. कॅटॅलिस्ट, म्हणजे रेझिन कडक करणारे रसायन, एक टक्क्याखाली नेऊन वेळ वाढवण्याचा मोह होतो. नेऊ नका, रेझिन कायमचे कच्चे राहते. त्यापेक्षा पहाटे साडेचारला उठा. थर्माकोलची गोष्ट मात्र उलटी आहे: सकाळी कापड चढवले तर दिवस तापत जातो, दाण्यांमधली हवा फुगते आणि ओल्या इपॉक्सीतून बुडबुडे काढत बाहेर पडते. म्हणून ठोकळा दिवसभर खोलीत तापू द्यावा आणि सूर्य मावळल्यावर, तापमान उतरू लागल्यावर कापड चढवावे. आतली हवा आकसते आणि रेझिनला उलट आत ओढून घेते. हे मला कोणी शिकवले नाही, आणि ते उमगण्याआधी मी तीन बोर्ड देवीचे व्रण असल्यासारखे काढले. पावसाळ्यात इपॉक्सीच्या पृष्ठभागावर मेणासारखा चिकट थर येतो. पुढचा थर देण्याआधी तो पाण्याने धुवून, घासून घ्यावा लागतो, नाही तर दोन थर एकमेकांना धरत नाहीत. तयार थर्माकोलचा बोर्ड उन्हातल्या बंद गाडीत ठेवू नये, हे प्रत्येक गिऱ्हाइकाला लिहून द्या, तोंडी सांगून भागत नाही.

प्रकृतीविषयी तुम्ही काहीच विचारले नाही. बहुतेक कोणी विचारत नाही. एफआरपीच्या कारखान्यात तुम्ही रुमाल बांधून काम करत असाल. रुमाल धूळ अडवत नाही आणि वाफ तर मुळीच नाही. रेझिनसाठी सेंद्रिय वाफांचे कार्ट्रिज असलेला मास्क, घासताना धुळीचा फिल्टर. कॅटॅलिस्टचा, म्हणजे एमईकेपीचा, एक थेंब डोळ्यात गेला तर दृष्टी जाऊ शकते; चष्म्याशिवाय बाटली उघडू नका, आणि डोळे धुण्याचे पाणी दाराशी नव्हे, हाताशी ठेवा. कोबाल्ट, म्हणजे रेझिन लवकर कडक व्हावे म्हणून घालतात ते रसायन, आणि एमईकेपी एकमेकांत थेट कधीही मिसळू नयेत, स्फोट होतो. दोन्ही वेगळ्या कपाटांत ठेवा. इपॉक्सी वासाला सौम्य असते म्हणून माणूस उघड्या हातांनी काम करतो, आणि दोन-तीन वर्षांनी अंगावर अशी खाज उठते की पुढे ती बाटली उघडली तरी त्रास होतो. माझ्याबरोबर शिकलेल्या एकाला याच कारणाने काम सोडावे लागले. तो माझ्यापेक्षा चांगला शेपर होता.

आता त्या निरोपाच्या व्यवस्थेकडे येतो. माझ्याकडे एक जाड नोंदवही आहे. प्रत्येक बोर्डाचा क्रमांक आणि मापे स्ट्रिंगरजवळ पेन्सिलीने लिहिली जातात, ती काचेखाली कायमची राहतात, आणि तीच वहीत उतरतात: लांबी, नाकापासून एक फुटावरची रुंदी, कमाल रुंदी, शेपटापासून एक फुटावरची रुंदी, जाडी, दोन्हीकडचा रॉकर, त्याखाली सर्फरचे वजन, तो किती वर्षे खेळतो, आणि बोर्ड कोणत्या किनाऱ्यावर जाणार. उजवे पान मोकळे असते. ते त्याच्या फोनने भरते.

फोनवर "बोर्ड कसा आहे" असे विचारू नका. आपली माणसे भिडस्त असतात, "मस्त आहे" म्हणतात, आणि कोवलम किंवा कर्नाटकातल्या मुल्कीची मुले तर दुप्पट भिडस्त. मी ठरलेले प्रश्न विचारतो. लाट पकडायला वल्हवताना छातीखाली बोर्ड डुगडुगतो का? नाक बुडते ते लाट पकडताना की उतरताना? वळताना मागचा पाय फिनांच्या वर होता की पुढे? शेपूट सुटले ते वळणाच्या सुरुवातीला की शेवटी? त्या दिवशी लाट कमरेएवढी होती की डोक्याएवढी? उत्तरे त्याच्याच शब्दांत लिहायची, आपल्या भाषेत बदलायची नाहीत. "चिकटतो" म्हणाला तर चिकटतो हेच लिहायचे. शेपूट रुंद असल्याने चिकटतो, की कमान कमी असल्याने, की तो बिचारा पुढे उभा राहतो म्हणून, हे एका बोर्डावरून ठरत नाही. त्याच माणसाला दुसरा बोर्ड देताना एकच माप बदलायचे आणि पुन्हा तेच प्रश्न विचारायचे. दोन मापे एकदम बदलली तर उत्तर कशाचे आले ते कळत नाही. माझ्या ६२ क्रमांकाच्या बोर्डाबद्दल एक मुलगा सतत म्हणे की डावीकडे वळताना तो "विचार करतो". मी तीन आठवडे मापे तपासली, काही सापडेना. शेवटी बोर्ड परत मागवला. डाव्या रेलची खालची कड शेपटाजवळ दीड इंचभर गोल राहिली होती, घासताना सुटलेली. कड तीक्ष्ण असली की पाणी तेथून सुटते, गोल असली की वर चढते. त्याचा शब्द माझ्या कॅलिपरपेक्षा अचूक होता.

म्हणून तुम्ही वर्षातून निदान दोनदा किनाऱ्यावर राहिले पाहिजे. नवजीवन एक्सप्रेस बडोद्याहून थेट चेन्नईला नेते, तेथून कोवलम जवळ आहे. तेथे मे ते सप्टेंबर दक्षिणेकडून चांगली लाट येते. मुल्कीच्या बाजूला त्याच महिन्यांत समुद्र खवळलेला असतो, सर्फिंगच्या शाळा थंडावतात आणि दुरुस्तीची कामे निघतात. गेलात की केवळ खेळू नका. वाळूवर बसून तुमचाच बोर्ड दुसऱ्याच्या पायाखाली कसा चालतो ते पाहा. स्वतः सर्फर म्हणून तुम्ही सामान्य असलात तरी चालेल. मी सामान्यच आहे.

पोटाचे म्हणाल तर पहिली तीन वर्षे केवळ नव्या बोर्डांवर भागणार नाही. सर्फिंग शिकवणाऱ्या शाळा मुख्यतः मऊ, आयात केलेले बोर्ड वापरतात आणि थायलंडसारख्या ठिकाणी कारखान्यात होणाऱ्या बोर्डांशी किमतीत स्पर्धा करणे आपल्याला शक्य नाही; करूही नये. आपले गिऱ्हाईक तो, ज्याला शिकून तीन-चार वर्षे झाली आहेत आणि आपल्याला काय हवे हे बोलता येऊ लागले आहे. अशी माणसे आहेत, वाढत आहेत, पण अजून थोडी आहेत. तोवर दुरुस्ती करा. तुटलेले नाक, भेगाळलेली रेल, उखडलेला फिन. दुरुस्तीत दुसऱ्या शेपरचे काम आतून उघडून पाहायला मिळते, आणि वर त्याचे पैसे मिळतात. ओला बोर्ड कधीही लगेच बंद करू नका; छिद्र खाली करून आठवडाभर सावलीत निथळू द्या. कयाक आणि उभ्याने वल्हवायचे पॅडलबोर्ड यांचीही कामे येतात. मकरपुऱ्यातली नोकरी एकदम सोडू नका, अर्ध्या दिवसावर येते का पाहा. संगणकावर आकार काढून यंत्राने कापून घेण्याची सोय आता सर्वत्र झाली आहे आणि मी तिच्या विरोधात नाही, पण यंत्र तुमची चूक दहा वेळा हुबेहूब करून देते. पहिले पन्नास बोर्ड हाताने झाल्यावर तिकडे वळा.

पहिला बोर्ड सात फूट दोन इंचांचा करा, साडेएकवीस इंच रुंद, पावणेतीन इंच जाड, गोल शेपटाचा, नाकाशी साडेचार आणि शेपटाशी दोन इंच कमान. तो स्वतःसाठी ठेवू नका. कोवलमला ज्याने तुम्हाला शिकवले त्याला फुकट द्या, आणि बदल्यात महिनाभर दर रविवारी फोन उचलण्याचे वचन घ्या. वहीच्या पहिल्या पानावर त्याचे वजन लिहायला विसरू नका. आणि ज्या संध्याकाळी कापड चढवाल, त्या संध्याकाळी पॉलिएस्टरचा डबा खोलीत ठेवू नका.